तिथीचा क्षय झाला तं?

धापेवाड्याच्या वारीला मी देवासाठी निघालो नव्हतो, हे आधीच सांगून टाकतो. मी काल्पनिक जगाच्या गोष्टी लिहितो आणि एका गोष्टीत चंद्राचं गाणं अडून बसलं होतं. त्या जगातले लोक प्रतिपदेला एक कडवं म्हणतात, द्वितीयेला दोन, असं करत पौर्णिमेला पंधरा. मग रोज एक कमी. अवसेला कुणी तोंडच उघडत नाही. कागदावर झकास दिसायचं, पण वाचून दाखवलं की ऐकणारे जांभया द्यायचे. शेजारच्या काकू म्हणाल्या, "आमच्या दिंडीत चाल ना बाप्पा. पाय चालले की डोकं चालते."

धापेवाडा नागपूर जिल्ह्यातल्या कळमेश्वर तालुक्यात, विदर्भाचं पंढरपूर. नदीचं नावही चंद्रभागाच. पंढरपूरला गर्दी एकादशीची, इथे आषाढी पौर्णिमेची. एकादशीला तिकडच्या भक्तांना भेटून विठोबा पौर्णिमेला इकडे येतो, अशी श्रद्धा. म्हणजे यात्रेचा दिवस चंद्रच ठरवतो. माझ्या कामाचं याहून जवळचं काय असणार?

पहाटे नागपूरचा काटोल नाका सोडला. गोरेवाड्यापर्यंत मी सगळ्यांच्या पुढे होतो, फेटरीला सगळ्यांच्या मागे. नवे बूट घालून वारीला जाऊ नये, एवढंच सांगतो.

फेटरीच्या पुढे एका शाळेच्या व्हरांड्यात थांबलो. हवा दमट, पखवाजाची डावी बाजू पार बसली होती. पखवाजवाल्या काकांनी वाळलेली कणीक नखानं खरवडून काढली, पिशवीतून ओल्या कणकेचा गोळा घेतला आणि पाण्याचा हात लावत पुरीएवढा थापला. एक थाप मारली. कान लावला. चिमूटभर कणीक काढली, पुन्हा थाप. "जास्त झाली तं घुमत नाही, कमी झाली तं ठणठण करते," म्हणाले. असं चार-पाच वेळा झालं. मी तेवढ्यात माझं गाणं त्यांना सांगून टाकलं.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "तिथीचा क्षय झाला तं?"

मी गप्प.

"आमच्यात वाराचे अभंग हायेत. सोमवारचे सोमवारी, मंगळवारचे मंगळवारी. वार कुठी जात नाही. तिथी जाते ना बाबू! दशमी गेली तं दहावं कडवं जोडशीन कवा?"

गोष्ट खरी होती. चंद्र सूर्याच्या 12 अंश पुढे सरकला की एक तिथी होते. पण त्याची कक्षा गोल नाही, लांबट आहे; पृथ्वीजवळ आला की तो पळतो, लांब गेला की रेंगाळतो. त्यामुळे एखादी तिथी 20 तासांत आटोपते, तर एखादी 26 तासही चालते. सूर्योदयाला जी तिथी, ती त्या दिवसाची. जी एका सूर्योदयानंतर लागली आणि दुसऱ्याच्या आत संपली, तिला दिवसच मिळत नाही; हाच तिचा क्षय. कॅलेंडरवर हे लहानपणापासून बघतोय, पण गाणं रचताना एकदाही आठवलं नाही.

म्हटलं, "काका, माझ्या जगात क्षय होतच नाही, असं मी ठरवलंय."

"मंग तो चंद्र नाही, भितीवरचं घड्याळ हाये," म्हणत त्यांनी पखवाज गळ्यात अडकवला.

राग आला. खोटं कशाला बोलू?

कळमेश्वर मागे पडलं आणि पाऊस उभा कोसळायला लागला. अभंग मधोमध होता. चाल म्हणणाऱ्या माउलींना ठसका लागला, मागचेही प्लास्टिकचे कागद डोक्यावर ओढण्यात गुंतले, आवाज बंद. टाळ मात्र थांबले नाहीत. पखवाजही कागदाखालून तसाच चालू. चिखलात पायही त्याच ठेक्यावर पडत होते. आणि पुढच्या चरणावर, कुणी खूण न करता, सगळे एकदम गळ्यावर आले. मधलं चरण कुणी म्हटलंच नव्हतं, पण पायांनी ते चालून काढलं होतं. मला बुटातलं पाणीही जाणवेना. एवढ्या लोकांनी न म्हटलेली ओळ मी पहिल्यांदाच ऐकली.

धापेवाड्यात पोचलो तेव्हा नदीकाठी पाय ठेवायला जागा नव्हती. दर्शन झालं, मिनिटभराचं. चंद्र काही दिसला नाही. आषाढातली पौर्णिमा, ढगांनी आभाळ गच्च. त्याची तक्रार करताना कुणीच दिसलं नाही.

रात्री काकांना गाठलं. "दशमी गेली तर एकादशीला दहाव्या कडव्याच्या जागी नुसता ठेका. शब्द नाहीत. लोक तेवढा वेळ चालतील, मग अकरावं. आणि तिथीची वृद्धी झाली, म्हणजे एकच तिथी दोन दिवस आली, तर तेवढीच कडवी दुसऱ्या दिवशी पुन्हा."

काका बराच वेळ पायाची बोटं चोळत बसले.

"किती मात्रेचं हाये कडवं?"

मी मोजल्याच नव्हत्या. पंधरा कडवी लिहिली होती आणि एकाचीही मात्रा मोजली नव्हती.

त्यांनी पखवाज मांडीवर ओढला, डावीकडची कणीक बोटानं दाबून पाहिली.

"म्हण."