पोथी उघडल्यावर

पोटापाण्यासाठी मी कंपन्यांच्या फिल्म करते. त्यातून चार पैसे सुटले की, ज्यांना कुठली आर्ट गॅलरी दारात उभं करणार नाही अशा कलाकारांच्या मागे लागते. कुडाळजवळच्या पिंगुळीला गेले ती अशीच. ठाकर आदिवासींची चित्रकथी, म्हणजे एकेक चित्र दाखवत कथा गाऊन सांगायची कला, तिथली. २०२१ साली गावच्या परशुराम गंगावणे यांना पद्मश्री मिळाली, त्यामुळे कॅमेऱ्याचं अप्रूप असं नाही. मी ज्यांच्याकडे शूट करत होते त्या काकांनी पडवीत बसल्या बसल्या विचारलं, ‘बाय, बाइट आदी काय मागसून?’

बाइट म्हणजे कॅमेऱ्यासमोरची छोटी मुलाखत. तो उरकला. मग मी म्हटलं, काका, जटायूचं चित्र तेवढं धरा, क्लोज-अप घेते.

‘एकच चित्र कसा काढतलंय? पोथी उघडली काय कथा पुरी करूक व्हयी.’

कॅमेरामनने माझ्याकडे पाहिलं. उजेड उतरायला लागलेला, बॅटरी अर्ध्यावर. म्हटलं, लाव रोल.

काकांनी हुडुक हे डमरूसारखं वाद्य खांद्याला अडकवलं आणि त्याचा पट्टा छातीवरच्या लेपल माइकवर खरखरायला लागला. माइक काढून वर वाशाला बांधला. पोथी म्हणजे एका कथेच्या चित्रांचा गठ्ठा. दोन कागद पाठीला पाठ चिकटवलेले, म्हणजे दोन्ही अंगाला चित्र. फळीला टेकवायचं, गायचं, सांगायचं, उलटायचं. लढाईची चित्रं काका एकेका ओळीत उलटत होते. जटायूवर मात्र थांबले. साथीदाराचे टाळ संथ झाले, काकांचं बोट पंखावरून फिरत राहिलं. नेमका तिथलाच रंग बोटं फिरून फिरून उडालेला.

अशा फिल्मना ‘लुप्त होत चाललेली कला’ असं नाव द्यायची एक खोड आहे. माझ्याकडे त्याला बंदी आहे. समोरचा माणूस गातोय आणि आपण त्याचं तेरावं घालायचं!

एडिटरने मधे मधे चित्रांचे इन्सर्ट, म्हणजे नुसत्या चित्राचे तुकडे, टाकून पाहिले. प्रत्येक कट उपरा वाटायचा. कुठे रेंगाळायचं आणि कुठे सटकायचं हे काकांनी आधीच ठरवलेलं होतं, आमच्या कात्रीला तिथे कामच नव्हतं. शेवटी कथा सलग ठेवली आणि बाइट उडवला.

फोनवर काकांना भीतभीतच सांगितलं, तुमची मुलाखत फिल्ममध्ये नाही.

‘बरां झालां,’ ते म्हणाले. ‘माका तसा बोलूक येना नाय.’