डार्सचा वेस्टस्ट्रांड: कपडे काढणं सोपं, सायकल अवघड

वेस्टस्ट्रांड म्हणजे जर्मनीतल्या डार्स द्वीपकल्पाचा बाल्टिक समुद्रावरचा किनारा, तिथे लोक उघड्याने वावरतात. "प्रेरो गावापासून सायकलने अर्धा तास, सपाट रस्ता." हे सांगणारा मित्र हॅम्बुर्गला भेटू दे, मग बघतो त्याच्याकडे.

सपाट आहे, कबूल. पण जंगलातला शेवटचा टप्पा म्हणजे भुसभुशीत वाळू आणि वर आलेली मुळं. भाड्याच्या सायकलचे बारीक टायर रुततात, उतरून ढकलायला लागलं की डास तुटून पडतात. ऑगस्टातले हे डास जीन्समधूनही चावतात. मला सव्वा तास लागला, वर मागचं चाक पंक्चर. दुकानदाराने त्याचे 28 युरो घेतले आणि विचारलं, "जंगलात नेली होती का?" अरे बाबा, मग काय खोलीत चालवायची होती? जाड टायरचीच सायकल मागा आणि पंक्चरचा खर्च कोणाचा ते आधी लिहून घ्या. प्रेरोला यायला बार्ट गावापर्यंत रेल्वे, पुढे बस, त्यात काही अडचण नाही. प्रेरोतले दोन दिवस मजेत गेले, ते सोडा.

मी गेलो कशाला? मला कोड आहे. पाठ, पोट, मांड्या. वीस वर्षं टी-शर्ट घालून पोहतोय. लंडनच्या गोल्डस्मिथ्स विद्यापीठातले मानसशास्त्रज्ञ कीऑन वेस्ट यांनी 2017 साली 849 ब्रिटिशांची पाहणी छापली: नग्न वावरणारे लोक स्वतःच्या शरीराबाबत जास्त समाधानी. माझी शंका अशी, की ज्याला आपलं अंग आवडतं तोच कपडे काढणार ना? पण त्यांनी उघड्याने वावरायच्या कार्यक्रमांच्या आधी आणि नंतरही लोकांना विचारलं होतं, तिथेही फरक दिसला. म्हटलं, बघू.

या किनाऱ्यावर एफकेके, म्हणजे उघड्याने वावरणं, जुनं आहे. पूर्व जर्मनीच्या सरकारने 1954 साली बंदी घालून पाहिली, लोक बधले नाहीत, 1956 मध्ये मोकळीक द्यावी लागली.

पहिली दहा मिनिटं वाईट. टॉवेल गुंडाळून मी समुद्राकडे तोंड करून बसलो होतो, जसा काही कोणाची वाट बघतोय. शेजारी सत्तरीच्या एक आजीबाई उकडलेलं अंडं सोलत होत्या. त्यांचा डावा स्तन नव्हता, तिथे नुसता आडवा व्रण. टरफलं त्या कागदात नीट गोळा करत होत्या. मी टॉवेल काढला. त्यांनी माझ्या पाठीकडे बघितलं आणि म्हणाल्या, "त्या पांढऱ्या जागांना क्रीम लावा, भाजेल." बस्स. माझ्या कातडीबद्दल आजवर आलेला हा पहिला उपयोगी सल्ला. उपास सुचवला नाही, वैद्य सुचवला नाही, 'लग्न कसं जमलं' विचारलं नाही. तासाभराने मी पाण्यात होतो आणि पोट आत घ्यायचं विसरलो होतो.

नाशिकच्या कुंभात नागा साधू बघून वाढलेल्या माणसाला नग्नतेची एवढी धास्ती का होती, देव जाणे.

जाणाऱ्यांनी: बसायला स्वतःचा टॉवेल हवाच. मोबाइल पिशवीत ठेवा, फोटो अजिबात नाही. किनाऱ्यावर दुकान नाही, माणशी दोन लिटर पाणी न्या. वारा असह्य झाला तरी वाळूच्या टेकाडांत शिरू नका, रोपं तुडवू नका, राष्ट्रीय उद्यान आहे. सोबत बायको-नवरा असलाच पाहिजे असं काही नाही, एकट्याकडेही कोणी बघत नाही. स्वतःच्या शरीराची लाज वाटणाऱ्या प्रत्येकाने एकदा जावंच, डास गेले खड्ड्यात.

आणि कोडाच्या जागी रंगद्रव्य नसतं, ती कातडी आधी भाजते, तेव्हा 50 एसपीएफचं क्रीम दर दोन तासांनी, सगळीकडे. मी पाठीचं ऐकलं, बुडाचं विसरलो. परतीचा सगळा रस्ता उभ्याने पायडल मारले.