सुलोचनादीदींच्या खडकलाटला

कागल सोडलं की दूधगंगेचा पूल येतो आणि पलीकडे कोगनोळीपासून कर्नाटक सुरू होतं. पाट्या कन्नड होतात, चहाच्या गाड्यावरची बोली मात्र कागलचीच राहते. निपाणीला उतरून मी चिकोडीच्या बाजूची गाडी धरली. जायचं होतं खडकलाटला, सुलोचना लाटकर यांच्या जन्मगावी. जन्म ३० जुलै १९२८ चा. तेव्हा बेळगाव जिल्हा मुंबई इलाख्यात होता. १९५६ साली तो म्हैसूर राज्यात गेला, तोवर त्या कोल्हापूरच्या मराठी सिनेमातल्या नावाजलेल्या नायिका झाल्या होत्या.

वाटेत दोन्ही हातांना तंबाखूची शेतं. एका शेतात तोडलेला तंबाखू जमिनीवरच वाळत पसरला होता, त्याचा वास गाडीतही घशाला लागत होता. बायका डोक्यावर पदर घेऊन ओणव्यानं पानं उलटत होत्या. पदर घसरला की मनगटानं सारायचा, तळहाताचा तंबाखू कपड्याला लागू द्यायचा नाही. असल्या कष्टाच्या हालचाली दीदींच्या भूमिकांत जागोजागी दिसतात.

गावात देवळाच्या कट्ट्यावर एक आजी बसल्या होत्या.

"कुनाकडं आलायसा?"

"कुणाकडं नाही आजी. सुलोचनाबाईंचं गाव बघायला आलेय."

"व्हय, आमच्या गावचीच की ती. त्यो मोलकरणीचा सिनिमा बघून आमच्या सासूबाई त्या रातीला जेवल्या न्हाईत."

'मोलकरीण' १९६३ चा. पोटच्या मुलाच्या घरी आई मोलकरीण म्हणून राबते आणि ओळख दाखवत नाही. रडारड करायला कथेत मुबलक वाव आहे. दीदी तो घेत नाहीत. सगळं डोळ्यांत ठेवतात. 'सुलोचना' हे नाव भालजी पेंढारकरांनी दिलं, ते उगाच नाही. भालजींच्या जयप्रभा स्टुडिओतच त्या घडल्या. १९४९ ची 'मीठभाकर', १९५३ ची 'वहिनीच्या बांगड्या', पुढे 'मराठा तितुका मेळवावा'मधल्या जिजाबाई. घर सांभाळणारी, मान न झुकवणारी बाई त्यांनी मराठीत आधीच उभी केली होती. हिंदीतली आई तिच्यातूनच आली.

आणि हिंदीनं ती आई किती लवकर करायला लावली! 'जॉनी मेरा नाम' १९७० चा. पडद्यावरचे दोन मुलगे देव आनंद आणि प्राण. देव आनंद त्यांच्याहून पाच वर्षांनी मोठे, प्राण आठ वर्षांनी. तरी बघताना एकदाही खटकत नाही, हे केवढं काम आहे! माझं मात्र स्पष्ट मत आहे की हिंदीनं त्यांना त्यांच्या ताकदीच्या मानानं कमी दिलं. पूजेचं ताट, पांढरी साडी, हरवलेला मुलगा. याला मोठा अपवाद बिमल रॉय यांचा 'सुजाता', १९५९ चा. त्यातली चारू दुष्ट नाही. घरात वाढलेल्या अस्पृश्य मुलीवर तिची माया जडते, पण तिला आपली म्हणताना जीभ अडते. शेवटी त्याच मुलीचं रक्त तिला वाचवतं. प्रेम आणि भेदभाव एकाच चेहऱ्यावर ठेवणं सोपं नसतं. चारूचा राग येतो आणि तिची कीवही येते.

१९९९ साली पद्मश्री मिळाली, २००९ साली महाराष्ट्र भूषण. सीमेपलीकडे जन्मलेल्या लेकीला महाराष्ट्रानं दिलेला तो मान सीमाभागाला आपला वाटतो, आजींच्या बोलण्यातही ते होतं. ४ जून २०२३ ला दीदी गेल्या.

मला मनापासून वाटतं, निपाणीत दर जुलैमध्ये त्यांचे जुने मराठी चित्रपट मोठ्या पडद्यावर लागावेत. तंबाखूत राबणाऱ्या बायका पहिल्या रांगेत असाव्यात. तुम्ही खडकलाटला जाणार असाल तर निपाणीहून जा आणि निघण्याआधी 'मोलकरीण' बघा. 'देव जरी मज कधी भेटला' या गाण्यात आशाबाईंच्या आवाजाइतकंच दीदींच्या चेहऱ्याकडेही लक्ष द्या.