आठ अक्षरी नावं

विंडोज की आणि आर एकदम दाबलं की पडद्याच्या डाव्या कोपऱ्यात एक लहानशी खिडकी उघडते. रन. तिच्यात नटवं काही नाही, एक रिकामी ओळ. इंग्रजीत नोटपॅड लिहून एंटर मारलं की नोटपॅड हजर. आयकॉन शोधून क्लिक करणारा माणूस हॉटेलात मेन्यूकार्डावर बोट ठेवून ‘हे द्या’ म्हणतो. रन वापरणारा नेहमीचं गिऱ्हाईक, दारातून आत येतानाच ऑर्डर सोडणारं.

अट एकच, नाव नेमकं हवं. आणि नावं तर भारीच चमत्कारिक. वर्डला विनवर्ड म्हणावं लागतं, कॅल्क्युलेटरचं नुसतं कॅल्क. पॉवरपॉइंटच्या इंग्रजी स्पेलिंगमधून शेवटचे ओ आणि आय गाळायचे, मग तो उठतो. विंडोजच्या आधीच्या डॉस या प्रणालीच्या काळात फाइलच्या नावाला आठच अक्षरं मिळत, टिंबापुढे आणखी तीन. त्यात बसवण्यासाठी ही काटछाट. 1995 मध्ये विंडोज 95 आलं, नाव 255 अक्षरांपर्यंत लांबवायची मुभा मिळाली. पॉवरपॉइंटनं आपले दोन स्वर आजतागायत परत मागितलेले नाहीत.

काही नावं तर माणूस बदलला तरी चालत राहिली. विंडोज 3.1 मध्ये पेंटब्रश होता, त्याचं पीब्रश. पुढे त्याचं पेंट झालं, तरी कित्येक वर्षं पीब्रश लिहिलं की पेंट निमूट उघडायचं. तसंच ‘राइट’ लिहिलं की वर्डपॅड यायचं. 2024 मध्ये विंडोज 11 च्या नव्या आवृत्तीतून वर्डपॅडच काढून टाकलं.

गंमत म्हणजे रनमध्ये चालणारं विनवर्ड कमांड प्रॉम्प्टच्या, म्हणजे लिहून हुकूम सोडायच्या, काळ्या पडद्यावर सहसा चालत नाही. असली कमांड ओळखीची नाही, असं तो तुटकपणे सांगतो. तो फक्त चालू फोल्डर आणि ‘पाथ’ नावाच्या यादीत लिहून ठेवलेले फोल्डर धुंडाळतो. रन त्याखेरीज रजिस्ट्रीतली, म्हणजे विंडोजच्या सेटिंगांच्या कोठारातली, ‘ॲप पाथ्स’ ही नोंदवहीही बघतं. मात्र काळ्या पडद्यावर आधी ‘स्टार्ट’ लिहिलं, की तेच विनवर्ड मुकाट्यानं उघडतं. वशिला कुठे नसतो!

मराठी लिहिणाऱ्यांची इथे वेगळीच करमणूक होते. मराठीचा इनस्क्रिप्ट कीबोर्ड चालू राहिला असेल तर कॅल्कच्या जागी ‘मोतम’ उमटतं. एंटर मारलं की विंडोज गंभीरपणे कळवतं, ‘मोतम’ सापडत नाही, नाव नीट लिहिलंय का बघा. कमांड प्रॉम्प्ट उघडणाऱ्या सीएमडीचं होतं ‘मस्’. हे मला मूळ नावापेक्षा जास्त आवडतं.

नुसतं एक टिंब देऊन एंटर मारा, तुमचं स्वतःचं फोल्डर उघडतं. दोन टिंबं दिली तर त्याच्या वरचं, जिथे त्या संगणकावरच्या सगळ्यांची फोल्डरं असतात. इतक्या कमी शब्दांत काम होणारी दुसरी जागा मला तरी ठाऊक नाही.

शिवाय रन आधीच्या कमांड लक्षात ठेवतं. सगळ्यांनी एकाच लॉगिनवर वापरलेल्या संगणकावर रनच्या ओळीच्या टोकाचा बाण दाबून यादी बघावी. कॅल्क दिसलं तर कुणीतरी हिशेबाला बसलं होतं. ओएसके, म्हणजे पडद्यावरचा कीबोर्ड, दिसला तर खऱ्या कीबोर्डची एखादी कळ गेलेली आहे असं खुशाल समजावं. ती ओ, एस किंवा के नाही, एवढं नक्की.