जपानची नेहमीचीच ठिकाणं, छोट्या ग्रुपबरोबर

जपानला जायचं ठरलं तेव्हा ताईची अट एकच होती, जिथे जाऊ तिथे थांबून बघता आलं पाहिजे. आम्ही दोघी बहिणी साठीच्या अलीकडे-पलीकडे. आपल्याकडच्या मोठ्या टूर आम्ही केल्या आहेत आणि त्यांची सोय मला मनापासून मान्य आहे. संध्याकाळी गरम वरण-भात मिळतो, मराठी बोलणारा टूर मॅनेजर असतो, आजारी पडलं तर धावून येणारी माणसं असतात. पण चाळीसजण बसमधून उतरून पुन्हा चढेपर्यंत वेळ तिथेच संपतो. स्वतःचं स्वतः फिरणंही जपानमध्ये अवघड नाही, स्टेशनांवर इंग्रजी पाट्या असतात आणि गाड्या वेळेवर येतात. रस्ता आम्ही शोधला असता. पण समोर जे दिसतंय ते समजावून सांगणारं माणूस हवं होतं, म्हणून जास्तीत जास्त बाराजणांची, टोकियोत सुरू होणारी इंग्रजी टूर घेतली. बरोबर ऑस्ट्रेलिया, कॅनडा आणि सिंगापूरची माणसं होती.

कार्यक्रम सगळ्या कंपन्यांचा जवळपास सारखाच असतो: टोकियो, हाकोने, क्योतो, नारा, हिरोशिमा. फरक दोन गोष्टींत पडतो. एका दिवसात किती ठिकाणं कोंबली आहेत, आणि गाइड कोण आहे. जपानमध्ये गाइडसाठी राष्ट्रीय परीक्षा आहे, पण 2018 पासून परवाना नसलेल्यांनाही पैसे घेऊन हे काम करता येतं. म्हणून आम्ही आधीच विचारून घेतलं. आमच्या गाइडबाई परवानाधारक होत्या आणि पहिल्या दिवसापासून शेवटपर्यंत त्याच आमच्याबरोबर राहिल्या.

व्हिसाचं काम मला वाटलं होतं त्यापेक्षा सरळ झालं. बँकेचं स्टेटमेंट, आयकराची विवरणपत्रं, विमानाचं आणि हॉटेलांचं बुकिंग आणि दिवसवार कार्यक्रम. हा शेवटचा तक्ता टूर कंपनीनं तयार करून दिला, तेवढं एक डोकेफोडीचं काम वाचलं.

टोकियोत पहिल्याच संध्याकाळी गाइडबाईंनी आम्हाला जेवणानंतर आसाकुसाला नेलं, सेन्सो-जी मंदिरात. दिवसा इथल्या नाकामिसे गल्लीत पाय ठेवायला जागा नसते. रात्री दुकानांची शटर खाली आलेली होती, मुख्य सभामंडपही बंद होता, पण आवार उघडं होतं आणि लाल मंदिर आणि पाच मजली पॅगोडा दिव्यांत न्हाऊन निघाले होते. सुमिदा नदीत मासेमारी करणाऱ्या दोन भावांच्या जाळ्यात कान्नोनची छोटी मूर्ती आली, ती सातव्या शतकातली गोष्ट त्यांनी पायऱ्यांवर उभं राहून सांगितली. कान्नोन म्हणजे आपला अवलोकितेश्वर. मार्च 1945 च्या बॉम्बहल्ल्यात जुनं मंदिर जळलं, आजचा सभामंडप 1958 चा आहे. आवाज चढवायची त्यांना गरजच पडत नव्हती. बाराजण त्यांच्याभोवती अर्धवर्तुळात मावत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा तिथेच नेलं तेव्हा आधी माझ्या कपाळावर आठी आली, पण कारण लगेच कळलं. सकाळी मंदिर चालू असतं. मोठ्या धुपाटण्यातला धूर लोक दोन्ही हातांनी अंगावर ओढून घेतात, जिथे दुखतं तिथे लावतात. ताईनं गुडघ्यांना लावला.

पुढे हाकोनेला एक मुक्काम होता आणि त्यानंतर क्योतो. मोठ्या बॅगा टोकियोच्या हॉटेलच्या काउंटरवरूनच थेट क्योतोला पाठवल्या, आम्ही पाठीवरच्या छोट्या पिशव्या घेऊन निघालो. ही पाठवणी जपानमध्ये इतकी सरसकट आहे की तिथली माणसंही प्रवासाला जाताना बॅग कुरियर करतात. टोकियो-क्योतो मार्गावरच्या शिंकानसेन या वेगवान रेल्वेत लांबी-रुंदी-उंची मिळून 160 सेंटिमीटरपेक्षा मोठी बॅग न्यायची तर त्यासाठी जागा राखून ठेवावी लागते, तो प्रश्नही मिटतो. साठीच्या बायकांनी तर यावर खर्च करावाच.

हाकोनेला ओवाकुदानीचा गंधकाचा धूर, त्या पाण्यात उकडून काळी पडलेली अंडी आणि आशी तलाव हे सगळं झालं. फुजी ढगात होता. रात्री जुन्या पद्धतीच्या सरायमध्ये, म्हणजे र्‍योकानमध्ये तातामीवर, म्हणजे गवती चटयांवर, गाद्या घालून झोपलो. गरम पाण्याच्या कुंडाबद्दल आपल्या बायकांच्या मनात धाकधूक असते, म्हणून सांगते. बायकांचं कुंड वेगळं असतं, पण आत कपडे चालत नाहीत, आणि कुंडात उतरण्याआधी छोट्या स्टुलावर बसून अंग स्वच्छ धुवावं लागतं. संकोच वाटत असेल तर बऱ्याच ठिकाणी तासाच्या हिशेबानं खासगी कुंड मिळतं. आम्ही तेच घेतलं आणि दोघी निवांत बसलो.

ओदावाराहून क्योतोला जाताना शिंकानसेनच्या उजव्या बाजूच्या खिडक्या गाइडबाईंनी आधीच धरून ठेवल्या होत्या. शिन-फुजी स्टेशन ओलांडल्यावर नदीच्या पुलावरून अख्खा फुजी दिसला, 3,776 मीटरचा, माथ्यावर बर्फ घेऊन. ही रेल्वे 1 ऑक्टोबर 1964 ला, टोकियो ऑलिंपिकच्या तोंडावर सुरू झाली. गाडी रुळावरून घसरून किंवा टक्कर होऊन तिच्यातला एकही प्रवासी आजवर दगावलेला नाही.

आता क्योतोबद्दल सांगते, आणि त्यातही सांजूसांगेंदोबद्दल. या देवळात आत फोटो काढू देत नाहीत. आमच्या टूरमध्ये त्याला अख्खी सकाळ दिली होती. सुमारे 120 मीटर लांब लाकडी सभागृह, आणि त्यात सहस्रभुज कान्नोनच्या 1,001 मूर्ती. मधोमध बसलेली मोठी मूर्ती तांकेई या शिल्पकारानं ऐंशी उलटल्यावर, 1254 मध्ये पुरी केली. तिच्या दोन्ही बाजूंना माणसाएवढ्या पाचपाचशे उभ्या मूर्ती आहेत. 1164 मध्ये बांधलेलं मूळ देऊळ 1249 च्या आगीत गेलं. त्या आगीतून 124 मूर्ती वाचवल्या, बाकीच्या पुन्हा घडवल्या आणि 1266 मध्ये आजची वास्तू उभी राहिली. दुरून सगळ्या सारख्या वाटतात. जरा वेळ उभं राहिलं की चेहरे वेगळे दिसू लागतात, एखादा थकलेला, एखादा किंचित हसरा.

आणि त्यांच्यासमोर अठ्ठावीस रक्षक देवता. गाइडबाईंनी आम्हा दोघींना मुद्दाम पुढे बोलावलं. म्हणाल्या, "ही तुमच्या घरची मंडळी, तुम्हीच ओळखा." इंद्र, ब्रह्मा, नारायण, महेश्वर. चोच आणि पंख असलेला गरुड चक्क बासरी वाजवतो. वायुदेव खांद्यावर वाऱ्याची पिशवी घेऊन एका टोकाला आणि ढोलांचं कडं पाठीशी घेतलेला मेघगर्जनेचा देव दुसऱ्या टोकाला. मला सर्वांत जवळचा वाटला तो वसू ऋषी. छातीच्या फासळ्या मोजता येतील असा म्हातारा, काठीवर रेललेला. घडवणाऱ्यानं भारत पाहिलेला असण्याची शक्यता जवळपास नाही. चीन आणि कोरियामार्गे ऐकीव वर्णनं आणि चित्रं पोचली, आणि त्यावरून त्यानं असा माणूस घडवला की तो आपल्या नदीच्या घाटावर भेटावा. ताई त्याच्यासमोरून हलेचना. कुणीही "चला, चला" म्हटलं नाही. गाइडबाई बाकीच्यांना घेऊन पुढे गेल्या, आणि आम्हाला दाराशी कधी भेटायचं ते सांगून गेल्या. छोट्या ग्रुपचे पैसे कशासाठी मोजले हे कुणी विचारलं तर मी त्या सकाळीबद्दल सांगते.

किंकाकु-जी, म्हणजे सोन्याचं देऊळ, फार देखणं आहे, पण गर्दी तुम्हाला ठरलेल्या वाटेनं पुढे ढकलत नेते. 1950 मध्ये एका तरुण भिक्षूनं ते जाळलं, 1955 मध्ये पुन्हा बांधलं. अर्ध्या तासात आम्ही बाहेर पडलो आणि जवळच्या र्‍योआन-जीच्या दगडी बागेत गेलो. पांढऱ्या रेतीत पंधरा दगड. ओसरीवर कुठेही बसा, सगळे पंधरा एकदम दिसत नाहीत. इथे गाइडबाई काही बोलल्या नाहीत, स्वतःही आमच्याबरोबर ओसरीवर बसून राहिल्या.

फुशिमी इनारीला मात्र उजाडता उजाडता पोचायचं असा त्यांचा आग्रह होता. आवार चोवीस तास उघडं असतं, तिकीट नाही. इनारी ही धान्याची देवता, तिचे दूत कोल्हे, काहींच्या तोंडात भाताची लोंबी. डोंगर 233 मीटरचा, आणि वाटेवर नारिंगी-लाल तोरणांची, म्हणजे दोन खांबांच्या कमानींची, रांगच रांग. चढताना खांब कोरे दिसतात. उतरताना मागच्या बाजूला तोरण देणाऱ्यांची नावं आणि तारखा दिसतात, त्यात कंपन्या आहेत, छोटे दुकानदार आहेत, घरची माणसं आहेत. नवस फेडायची ही रीत आपल्याला कुणी समजावून सांगायची गरज नाही. ताई अर्ध्या वाटेवरच्या चौथऱ्यापर्यंत आली, मी तिच्याबरोबर थांबले. पूर्ण वर जायलाच हवं असं नाही. आम्ही खाली उतरलो तेव्हा शाळांच्या सहली वर चढत होत्या.

जेवणाबद्दल सविस्तर सांगायला हवं, कारण आम्ही दोघी शाकाहारी आहोत. जपानी स्वयंपाकात भाज्या, टोफू, भात सगळं असतं, पण त्याखाली दाशी असतं. दाशी हे बहुतेक वेळा वाळवलेल्या बोनितो माशाचं पाणी. मिसो सूपमध्ये ते असतं, सोबा नूडल्सच्या चटणीवजा रसात असतं, उकडलेल्या भाजीतही असतं. "मांस नाही" एवढं सांगून भागत नाही. गाइडबाईंनी आमच्यासाठी जपानीत एक कार्ड लिहून दिलं होतं, त्यात मासा, माशाचं दाशी, मांस, अंडं सगळं स्वतंत्र लिहिलेलं. मोकळ्या वेळात आम्ही ते पुढे करायचो. दुपारी दुकानातली ओनिगिरी, म्हणजे भाताचा मुटका, आत उमेबोशी या खारवलेल्या फळाची आंबट-खारट फोड किंवा कोंबू, म्हणजे समुद्री शेवाळ. मेतकूट आणि शेंगदाण्याची चटणी घरून नेली होती, त्या भाताबरोबर दोन्ही छान लागतात. आणि एक दुपार अराशियामाला, तेनर्यूजी मंदिराच्या आवारातल्या भोजनालयात. शोजिन र्‍योरी म्हणजे भिक्षूंचं जेवण. लाल तबकात छोट्या वाट्या, तिळाचा टोफू, ऋतूतल्या भाज्या, भात, लोणचं. कांदा नाही, लसूण नाही, थेट आपल्या चातुर्मासातल्या पानासारखं. दाशी कोंबू आणि शिताके मशरूमचं. सगळ्या प्रवासात इथे मी काही न विचारता जेवले.

नाराला क्योतोहून पाऊण तास लागतो. हरणांबद्दल सगळेच सांगतात, ती खरोखर मान लववून बिस्किटं मागतात. मी तोदाइ-जी मंदिरासाठी गेले होते. सम्राट शोमूनं 743 मध्ये महाबुद्धाचा संकल्प सोडला. सुमारे 15 मीटर उंचीची ती ब्राँझमूर्ती वैरोचन बुद्धाची आहे. 752 मध्ये तिचे डोळे रंगवून तिला जागृत करायचा सोहळा झाला, आणि ते डोळे रंगवले बोधिसेन नावाच्या भारतीय भिक्षूनं. तो 736 मध्ये जपानला पोचला होता. त्याच्या कुंचल्याला निळ्या रेशमाची लांबच लांब दोरी बांधलेली होती, जमलेल्या लोकांनी ती धरली होती, म्हणजे डोळे उघडण्याच्या पुण्यात सगळ्यांचा हात. तो कुंचला आणि ती दोरी शोसोइन या कोठारात आजही जपून ठेवलेली आहेत. मूर्तीला आगी-भूकंपांनी अनेकदा धक्के दिले, डोकं सतराव्या शतकात पुन्हा ओतलं. पण आसनाच्या काही कमळपाकळ्या मूळच्या आहेत, त्यांवर मेरू पर्वत आणि अनेक विश्वं कोरलेली आहेत. आजचं मंदिर 1709 चं, मूळ मंदिराच्या रुंदीच्या दोन तृतीयांश, तरी आत शिरल्यावर मान वर करावीच लागते. बोधिसेनाचं नाव मला आधी ठाऊक नव्हतं. शाळेच्या इतिहासात तो असायला हवा.

हिरोशिमाच्या अणुबॉम्बच्या संग्रहालयात गाइडबाई आत बोलल्या नाहीत. दाराशीच सांगितलं, आत प्रत्येकानं आपापलं जावं, बाहेर बाकावर मी आहे. जळलेली तीनचाकी सायकल, 8.15 ला थांबलेलं घड्याळ, मुलांचे फाटलेले कपडे. मी शेवटच्या दालनात बराच वेळ बसले. बाहेर आल्यावर त्यांनी आम्हाला नदीकाठानं, बॉम्बनंतर उरलेल्या इमारतीच्या घुमटापर्यंत चालत नेलं. 1915 चं प्रदर्शन-भवन, एका चेक वास्तुविशारदानं बांधलेलं. बॉम्ब जवळजवळ डोक्यावरच फुटल्यामुळे काही भिंती उभ्या राहिल्या. त्या संध्याकाळी ग्रुपचं एकत्र जेवण ठेवलेलं नव्हतं, आणि ते योग्यच होतं.

हिरोशिमाजवळच्या मियाजिमा बेटाचं समुद्रातलं तोरण बघायचं तर भरती-ओहोटीचं वेळापत्रक बघून जावं. कापराच्या झाडाच्या खोडांचं हे 1875 मधलं तोरण जमिनीत पुरलेलं नाही, स्वतःच्या वजनावर उभं आहे. भरतीला ते पाण्यात असतं, ओहोटीला चालत पायथ्याशी जाता येतं. गाइडबाईंनी बोट अशा वेळी धरली की दोन्ही बघता आलं.

कुणाला अशी टूर घ्यायची असेल तर आधी पायांचा विचार करा. छोटा ग्रुप बसनं कमी आणि लोकल गाड्यांनी जास्त फिरतो, स्टेशनांत जिने असतात, आणि दिवसभरात आपल्या रोजच्या फेरीच्या कितीतरी पट चालणं होतं. आम्ही आधी काही महिने पर्वतीच्या पायऱ्यांवर जात होतो, त्याचा फार उपयोग झाला. नोव्हेंबरच्या शेवटी क्योतोत मेपलची पानं लाल झालेली असतात आणि थंडी स्वेटरपुरती असते, पण गर्दीही तेव्हाच असते. बुकिंगआधी कंपनीला विचारा की गाइड शेवटपर्यंत एकच आहे का, शाकाहारी जेवणात दाशीचं काय करणार, सामान पुढे कोण पाठवणार, आणि पायऱ्या नको असतील तर त्या वेळी थांबायची सोय काय. आमच्या कंपनीनं ही सगळी उत्तरं एका ईमेलमध्ये स्पष्ट लिहून दिली, आणि ती वाचूनच आम्ही पैसे भरले.