तेल लावलेल्या कपाळावर टिकली

जुलैमधली रात्र. साडेतीनच्या सुमाराला स्वयंपाकघरात काहीतरी धाडकन पडलं. मांजर असेल म्हणून मी कूस बदलली. मग दुसरा आवाज आला, आणि पाठोपाठ मिक्सरच्या भांड्याचं झाकण घरंगळत गेल्याचा. आई, म्हणजे माझ्या सासूबाई, आतून ओरडल्या, “अगं, माळा पडला की काय!”

माळा जागेवर होता. पडल्या होत्या तीन टाइल. आठ महिन्यांपूर्वी हौसेनं लावलेल्या, फिक्या बदामी रंगाच्या, कडेला बारीक पानांची नक्षी. दोन फुटल्या होत्या. तिसरी डाळीच्या डब्यावर आडवी झोपलेली, साधा टवकाही न उडालेली.

आमची बिल्डिंग डोंबिवली पूर्वेची, १९८९ सालची. तिसरा मजला, लिफ्ट नाही. त्या काळच्या पद्धतीप्रमाणे कडाप्प्याचा ओटा, त्यावर दीड फूट पांढऱ्या टाइल आणि तिथून वर माळ्यापर्यंत ऑइलपेंट. फोडण्यांचा चिकटा नेमका त्या ऑइलपेंटवर बसायचा. दर दिवाळीला मी स्टुलावर उभी राहून सोड्याच्या पाण्यानं भिंत घासायची, आणि दर दिवाळीला म्हणायची, पुढच्या वर्षी वरपर्यंत टाइल लावून घेऊ. शेवटी तेवीस वर्षांनी घेतल्या.

ह्यांच्या ओळखीतला एक कॉन्ट्रॅक्टर आला. भिंतीवरून हात फिरवून म्हणाला, “फोडायचं कशाला वहिनी? आता केमिकल येतं. डायरेक्ट रंगावर बसतं. एका दिवसात काम.”

खोटं कशाला बोलू, मला ते ऐकून बरं वाटलं. तोडफोड म्हटलं की आमच्या सोसायटीत दहा ते एक आणि चार ते सहा एवढाच वेळ, खालच्या मजल्यावर चार महिन्यांचं बाळ, आणि राबिट, म्हणजे तोडफोडीचा मलबा, गोणीत भरून तीन जिने उतरवायचं. गोणीमागे बिगारी वेगळे पैसे घेतो. हे सगळं टळणार म्हटल्यावर ह्यांचा चेहरा बोनस लागल्यासारखा झाला. सातवा वेतन आयोग लागला तेव्हासुद्धा एवढा खुलला नव्हता. मी शाळेच्या ऑफिसात कारकून आहे, बिल बघितल्याशिवाय सही करत नाही. पण त्या दिवशी भिंतीला नुसतं नख लावून बघायचंही सुचलं नाही.

चौदा फूट लांब, तीन फूट उंच, म्हणजे बेचाळीस चौरस फूट. बारा बाय अठरा इंचांच्या अठ्ठावीस टाइल. सहाची एक पेटी, पाच पेट्या आणल्या, दोन टाइल उरल्या. ॲडेसिव्हची, म्हणजे त्या सिमेंटवाल्या केमिकलची, वीस किलोची एक गोणी. माणसानं रंगावर फडकं मारलं, टाइलच्या पाठीवर चार कोपऱ्यांत चार आणि मध्ये एक असे पाच गोळे ठेवले, आणि थापून बसवत गेला. संध्याकाळी सहाला काम संपलं. दिसायला इतकं सुरेख, की आईंनी शेजारच्या काकूंना बोलावून दाखवलं.

आता त्या रात्रीकडे येते. झोप उडालीच होती, तर मी ट्यूब लावून पडलेल्या टाइल उलट्या करून बघितल्या. माझ्या मते या लेखातलं वाचण्यासारखं काय ते हेच.

पहिल्या दोन टाइलच्या पाठीला पाचही गोळे घट्ट होते. आणि गोळ्यांच्या तोंडाशी आमची भिंत होती! वरती २०१२ सालचा फिका गुलाबी, त्याखाली पिस्ता (धाकट्या दिरांच्या लग्नाच्या वेळचा), त्याखाली बिल्डरनं दिलेला मूळ क्रीम, आणि सगळ्यात खाली खडूसारखी पांढरी लांबी (रंगाआधी भिंतीला लावतात ती पुट्टी), बोट लावलं की भुगा होणारी. टाइलनं रंगाला धरलं होतं, रंगानंही टाइलला सोडलं नव्हतं. सुटली होती ती लांबी, गिलाव्यापासून. आमची ती भिंत पश्चिमेची. पावसाळ्यात बाहेरून ओल येते आणि आत ऑइलपेंटची कातडी असल्यामुळे तिला बाहेर पडायला वाट मिळत नाही. ती लांबीतच मुरते.

तिसरी टाइल सिंकजवळची. तिची गोष्ट वेगळी. तिच्या गोळ्यांवर रंगाचे थर जवळजवळ नव्हतेच, नुसता एक गुलाबी, बुळबुळीत लेप. नखानं ओढला तर गोंदासारखी तार आली. मला वाटलं ॲडेसिव्हच वाळलं नसेल. पण खालचा गोळा दगडासारखा होता.

दुसऱ्या दिवशी ती टाइल पिशवीत घालून शाळेत नेली. आमच्या केमिस्ट्रीच्या बाईंनी वास घेतला, बोटानं चोळून बघितलं आणि हसायलाच लागल्या. “अहो, तुम्ही भिंतीवर साबण केलात.” सिमेंट ओलं असताना कडक अल्कली असतं. ऑइलपेंटमध्ये तेल असतं. तेल आणि अल्कली एकत्र आले आणि वर ओल मिळत राहिली की रंगाचा हळूहळू साबण होतो. दहावीच्या पुस्तकात हे आपण घोकलेलं असतं. फक्त त्याचा ओट्याशी संबंध असेल असं परीक्षेत कुणी विचारत नाही.

घरी येऊन उरलेली एक कोरी टाइल मी स्वयंपाकाच्या काट्यावर ठेवली. एक किलो ७६० ग्रॅम. गुणिले अठ्ठावीस, अधिक ॲडेसिव्ह. म्हणजे माझ्याएवढं एक सबंध माणूस आठ महिने त्या लांबीच्या भुग्याला लटकत होतं, आणि त्याखाली उभं राहून मी पोळ्या लाटत होते.

कॉन्ट्रॅक्टरला फोन केला. “वहिनी, ओल तुमच्या भिंतीची, त्याला मी काय करणार?” नंतर फोन उचलणंच बंद झालं. त्याबद्दल जास्त लिहीत नाही, रक्तदाब वाढतो.

मग मिस्त्रीमामा आले. शाळेच्या मुतारीचं काम त्यांनीच केलं होतं, म्हणून ओळख. साठीचे, टोपी घालतात, मूळचे जालन्याकडचे. त्यांनी आधी चहा घेतला. मग खिशातून रुपयाचं नाणं काढून उरलेल्या पंचवीस टाइलवर एकेक करून टकटक करत गेले. जिथे भद्द वाजलं, म्हणजे मागे पोकळ, तिथे खडूनं फुली. सगळ्या भिंतीवर फुल्याच फुल्या, फक्त चार टाइल खणखणीत. मामा म्हणाले, “ताई, तेल लावलेल्या कपाळावर टिकली चिकटवल्यागत केलंय हे. घामाची वाट बघायची फक्त.”

सगळंच काढायचं ठरलं. फुलीवाल्या एकवीस टाइल करणीच्या टोकानं, हातोडीला हातही न लावता, अखंड निघाल्या. एकवीस! आईंनी त्या मोजून एकावर एक रचून ठेवल्या, जशा काही वाण द्यायच्या आहेत. उरलेल्या चार मात्र हटेनात. त्या छिन्नी लावून तुकड्या-तुकड्यानं काढाव्या लागल्या, बरोबर गिलाव्याचे टवके घेऊन आल्या. असं का, म्हणून बघितलं तर ती पाण्याच्या फिल्टरची जागा. २०२१ साली प्लंबरनं नळासाठी भिंत फोडली होती आणि सिमेंटनं बुजवली होती. तिथे रंग द्यायचा राहूनच गेला होता. पाच वर्षं मी त्या करड्या डागावर कॅलेंडर लावून तो लपवत होते. आणि सगळ्या भिंतीत टाइल धरायच्या लायकीची जागा तेवढीच निघाली.

मग तीन दिवस ठोकाठोक. खालच्या बाळाच्या आईला मी आधीच जाऊन सांगून आले, बेसनाचे लाडू घेऊन. मामांनी पत्रीनं लांबी खरवडली, पण आधी भिंत ओली करून. त्यांचं कारण धूळ डोळ्यात जाते एवढंच होतं. माझं दुसरंही होतं. घरगुती रंगांत शिशाचं प्रमाण ९० पीपीएमपेक्षा (दहा लाखांत ९० भागांपेक्षा) जास्त नको हा नियम आपल्याकडे नोव्हेंबर २०१७पासून लागू झाला. आमचे तिन्ही थर त्याच्या आधीचे, त्यांत काय होतं देव जाणे. म्हणून आईंना चार दिवस नणंदेकडे पाठवलं, भांडी चादरीखाली झाकली, आणि ग्राइंडरनं रंग उडवायला आलेल्या पोऱ्याला मी सरळ नाही म्हटलं. मामा आधी कुरकुरले, मग त्यांनीही नाकाला रुमाल बांधला.

रंग गेल्यावर टाचे. इंच-दोन इंचावर छिन्नीचा एकेक घाव, सगळी भिंत देवी आल्यासारखी. गिलावा दोन ठिकाणी पोकळ निघाला, तो पाडून नवा केला आणि आठवडाभर पाणी मारलं. ते मारायचं काम माझ्याकडे, सकाळी शाळेत जायच्या आधी आणि आल्यावर. ओल कुठून येते ते ह्यांनी गच्चीतून वाकून शोधलं. पावसाच्या पाइपाचा जोड सुटला होता, बाहेरच्या भिंतीवर हिरवी धारच होती. सोसायटीनं पाइप बदलला, अर्थात तीन अर्जांनंतर. भिंत सुकेपर्यंत मामांनी टाइलला हात लावायला साफ नकार दिला. आम्ही महिनाभर हॉलमध्ये, टीव्हीशेजारी शेगडी मांडून स्वयंपाक केला.

टाइल नव्या घेतल्या. जुन्या लॉटचा रंग दुकानात मिळेना, आणि एकवीस पाठी घासून घ्यायला मामा तयार नव्हते. ॲडेसिव्हची गोणी या वेळी मी वाचली. आय.एस. १५४७७ हा भारतीय मानकाचा आकडा, प्रकार कुठला, पाणी किती, सगळं मराठीत नसलं तरी छापलेलं असतं. कालवून पाच-दहा मिनिटं तसंच ठेवायचं, पुन्हा ढवळायचं, मग वापरायचं. घट्ट व्हायला लागलं म्हणून वरून पाणी ओतायचं नाही. गोळे नाहीत. दात्यांच्या थापीनं भिंतभर शेवेसारख्या रेघा ओढायच्या आणि त्यावर टाइल किंचित सरकवत दाबायची. पहिली टाइल बसवल्यावर मामांनी ती लगेच उपटून काढली. मला वाटलं वाकडी बसली. त्यांनी पाठ दाखवली. कुठे कोरं राहिलंय का ते बघायचं होतं. एका कोपऱ्यात अंगठ्याएवढी जागा कोरी होती. “थापी तिरकी धरली गेली,” असं स्वतःशीच पुटपुटले आणि परत लावली.

एक मजा सांगते. बऱ्याच टाइलच्या पाठीवर बाण असतो, हे मला पन्नाशी उलटल्यावर कळलं. सगळे बाण एका दिशेला ठेवून लावायच्या. पहिल्या खेपेच्या काही टाइलची पानं उलटी होती ते आता लक्षात आलं. बघताना खटकायचं काहीतरी, पण काय ते कळत नव्हतं.

आता बाकीच्यांचा प्रश्न, कारण ऑफिसात रोज एक जण विचारतो: मग रंगावर टाइल लावायचीच नाही का? मामांचं उत्तर “नाही” एवढंच आहे. माझं थोडं लांब. चुना किंवा साधा डिस्टेंपर असेल तर विचारही करू नका, ओलं फडकं फिरवलं की तो फडक्यावर येतो. ऑइलपेंटचं वर सांगितलं. प्लास्टिक पेंट असेल तर ब्लेडनं त्यावर बारीक चौकड्या पाडा, चिकटपट्टी दाबून लावा आणि झटक्यात ओढा. चौकड्या पट्टीबरोबर आल्या तर समजायचं. नाही आल्या तरी त्या रंगाखाली पुट्टी किती जाड आहे हे पट्टी सांगत नाही. हॉलमध्ये हलकं काही चिकटवायचं असेल तर गोष्ट वेगळी. जिथे वाफ, पाणी आणि आपलं डोकं खाली, तिथे मी तरी गिलाव्याशिवाय कशावर विश्वास ठेवणार नाही. खर्च म्हणाल तर दुसरं काम पहिल्याच्या अडीचपट पडलं, त्यात राबिटाच्या अकरा गोण्या आल्या.

ते नाणं मामा माझ्याकडेच विसरले. आई आता येणाऱ्या-जाणाऱ्याला त्यानं भिंत वाजवून दाखवतात. अखंड राहिलेल्या एकवीस टाइलपैकी चार काकूंनी तुळशीखाली लावायला नेल्या, बाकीच्या अजून पॅसेजमध्ये आहेत, कुणाला हव्या असतील तर तीन जिने चढून घेऊन जा. आणि स्विचबोर्डाच्या बाजूला मामांच्या पोऱ्यानं टाइल चार सूत जास्त कापली आहे, तिथे फट दिसते. त्यावर बसेल अशी मोठी प्लेट बाजारात मिळत नाही. तूर्तास तिथे कॅलेंडर लावलं आहे.