रंकाळ्यावर सापडलेला झोपतारा

संध्याकाळी भाचीला घेऊन रंकाळ्यावर गेलतो. भेळ खाता खाता तिला पल्सर, म्हणजे ठराविक ठेक्यात लुकलुकणारा तारा, समजावत होतो (तिला आधी बापाची गाडीच आठवली). १९७७ साली सुटलेल्या व्हॉयेजर यानांवरच्या तबकडीत सूर्याचा पत्ता १४ पल्सरच्या ठेक्यांवरून कोरलाय, म्हटलं.

"मामा, मग एक असा पण असणार, फक्त झोपल्यावर दिसणारा. त्याच्यावरनं स्वप्नातली गावं शोधायची."

नाव ठेवलं 'झोपतारा'. मला जन्मात सुचलं नसतं. झोपेत साधारण दर ९० मिनिटांनी स्वप्नांचा फेरा येतो, एवढं मी सांगितलं. बाईसाहेबांनी लगेच 'तारा ९० मिनिटांनी लुकलुकतो' असं भेळेच्या कागदावर लिहून टाकलं.

मग नकाशा. शालिनी पॅलेसमागं समुद्र. बिनखांबी गणपतीजवळ आजोबांचं घर, आत शिरल्यावर डावीकडं जिना.

ते घर तिच्या जन्माआधीच पाडलं. जिना डावीकडंच होता. आमच्याकडच्या एकाही फोटोत तो नाही.

बहिणीला विचारलं, तर म्हणाली, "तूच कधीतरी सांगितलं असशील." असेल बुवा.

कागद आता फ्रीजवर चिकटवलाय. समुद्रात चिंचेच्या चटणीचा डाग पडलाय. ते बेट हाय म्हणे, पुसायचं नाही.